मौनीबाबा आणि नागपूर

लाजऱ्या मुलानं गिरगावात जन्म घेऊ नये. मुंबईतच घ्यायचा असेल तर मलबार हिलवर घ्यावा. तिथं शेजारी कोण राहतं याचा शेजाऱ्याला पत्ता नसतो. गिरगावातली चाळ मुळी बांधलीच आहे ती बघण्यासाठी. मधे चौक, भोवती गॅलऱ्या, गॅलऱ्यांना कठडे आणि कठड्यांवर कोपरं. एखादा परका माणूस पहिल्यांदा आत शिरला तर तो आधी तिकीटखिडकी शोधेल.

आई माझ्या हातात वाटी देऊन मला दही आणायला पाठवायची. चौकात पाऊल पडलं की पहिल्या मजल्यावरून प्रश्न यायचा, "काय रे, कुठं निघालास?" मी उत्तराची जुळवाजुळव करीपर्यंत दुसऱ्या मजल्यावरून उत्तर यायचं, "दही आणायला. वाटी दिसत नाही का हातात?" त्यावर तिसरा मजला म्हणायचा, "आज त्यांच्याकडे कढी असणार. सकाळी आमच्याकडून कढीलिंब नेला." चर्चा तिथून कढीत गूळ घालावा की साखर इथवर पोचेस्तोवर मी दही घेऊन परत आलेला असायचो. वाडीत माझं नाव मौनीबाबा पडलं होतं. वास्तविक मला बोलता येत होतं. माझ्या वाट्याचं बोलणं वाडी परस्पर उरकून टाकायची, एवढंच.

लाजणं हा तेव्हा स्वभाव मानत नसत, दुखणं मानत. आणि चाळीत दुखणं म्हटलं की औषध सांगणाऱ्यांना तोटा नाही. तळमजल्यावरच्या आजींनी वेखंड उगाळून मधातून चाटवायला सांगितलं. त्यानं म्हणे जीभ हलकी होते. त्यांच्या शेजारच्या आजींचा शंखात रात्रभर ठेवलेल्या पाण्यावर विश्वास होता. दोघींचं आपसांत बोलणं बंद असल्यामुळं कोणाचंच मन मोडता येईना, आणि मला दोन्ही औषधं घ्यावी लागली. पोस्टात नोकरीला असलेले एक काका होमिओपॅथीच्या गोळ्या द्यायचे. त्या गोड असल्यामुळं दुखणं इतक्यात बरं होऊ नये असं मला मनापासून वाटे. तिसऱ्या मजल्यावर एक हौशी नट राहायचे. राज्य नाट्यस्पर्धेत त्यांनी एकदा पोलीस इन्स्पेक्टरचं काम केलं होतं आणि तेव्हापासून ते साध्या बोलण्यातही दार ठोठावल्यासारखा आवाज लावत. ते म्हणाले, "वहिनी, याला नाटकात घाला. आवाज असा सुटेल की तुम्हीच म्हणाल, आता पुरे!"

वडील मात्र निर्धास्त होते. त्यांच्या मते गिरगावचं पाणीच असं, इथं आवाज उशिरा फुटतो. पुराव्याला ते सिनेमा काढायचे. दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी गिरगावातल्या कोरोनेशनला लागला, तो मुका. 'आलम आरा' हा आपला पहिला बोलपट १४ मार्च १९३१ रोजी मॅजेस्टिकला लागला, तोही गिरगावातच. "म्हणजे बघ," वडील आईला सांगायचे, "अख्ख्या सिनेमाला तोंड फुटायला अठरा वर्षं लागली. हा तर अजून अकराचा आहे." या हिशेबात कुठंतरी गोम आहे असं आईला जाणवायचं, पण ती सापडायची नाही.

हे सगळं वर्षभर थोडं थोडं चाले. उन्हाळ्यात त्याला भर यायचा. एप्रिलात परीक्षा संपल्या की शाळा हा लाजऱ्या मुलाचा एकुलता एक आडोसा नाहीसा व्हायचा. वर्गात पन्नास-साठ डोकी असतात. मान खाली घालून मधल्या बाकावर बसलं की मास्तरांना वर्षभर पत्ता लागत नाही. सुट्टीत लपणार कुठं? दहा बाय बाराची खोली, तीत सहा माणसं, आणि बाहेर पडावं तर गॅलरी. शिवाय पाहुणे. पाहुणे आले की आमरस व्हायचा, आणि रसाची वाटी हातात पडायच्या आधी हुकूम सुटायचा, "काकांना काहीतरी म्हणून दाखव." काहीतरी म्हणजे काय ते कधीच ठरलेलं नसे. श्लोक चालायचा, एकोणतीसचा पाढा चालायचा, इंग्रजी कविता असेल तर सोन्याहून पिवळं. मी भिंतीवरच्या कालनिर्णयाकडे बघत उभा राहायचो. मे महिन्यातल्या सगळ्या संकष्ट्या आणि एकादश्या मला त्यामुळं पाठ होत्या. कोणी त्या विचारल्या असत्या तर म्हणून दाखवल्याही असत्या. पाहुणे म्हणायचे, "राहू दे, लाजतोय." मग सगळे मी कसा लाजतोय ते बघायचे.

भीतीच्या बाबतीत मी चौफेर होतो. न्हावी, इंजेक्शन, शेजारच्या वाडीतला लंगडा कुत्रा, हार्मोनियम शिकवणाऱ्या बाई. पण पहिला नंबर रात्रीच्या संडासाचा. तो गॅलरीच्या पार टोकाला, आणि तिथला बल्ब कोणीतरी नेहमी काढून नेलेला. त्यात वाडीतली थोरली पोरं जेवणं झाली की जिन्यात बसून भुतांच्या गोष्टी सांगायची. कोकणातल्यांची भुतं वेगळी, घाटावरच्यांची वेगळी. रत्नागिरी-सिंधुदुर्गवाल्यांकडे देवचार होता आणि वेताळ होता. सातारा-कऱ्हाडकडचे मुंजा आणि हडळ घेऊन यायचे. एवढ्या लांबून आलेली ही मंडळी शेवटी सगळी आमच्याच संडासापाशी का मुक्काम करतात हे मला कळत नसे. मुंबईत जागेची टंचाई, दुसरं काय.

रात्री जायची वेळ आलीच तर मी भीमरूपी म्हणत निघायचो. जाताना शब्दन् शब्द सुटा, ऱ्हस्व-दीर्घासकट. येताना मात्र लोकांना नुसती शेवटची ओळ आणि धावत्या पावलांचा आवाज ऐकू यायचा. आई म्हणायची, "बघा, कसं खणखणीत म्हणतोय! मग पाहुण्यांसमोर काय होतं याला?" पाहुण्यांसमोर पाहुणे असायचे, ते व्हायचं. मारुतीराय ऐकतात आणि गप्प राहतात. भुतांबद्दलही एक गोष्ट मान्य केली पाहिजे. त्यांच्यापैकी एकानंही मला कधी "कितवीत आहेस?" असं विचारलं नाही.

हौशी नटांच्या सल्ल्याचा मान राखायचा म्हणून वडील मला बालनाट्याला घेऊन गेले. सुट्टीत पोरांना नाटकाला नेण्याची गिरगाव-दादरकडची रीत तशी जुनी. सुधा करमरकरांनी १९५९ साली लिटल थिएटर सुरू केलं, पुढं रत्नाकर मतकरी आले, आणि मे महिन्यात राक्षस आणि चेटकिणी यांचे प्रयोग वर्तमानपत्रात झळकायला लागले. मतकरी मोठे धोरणी लेखक. मुलांसाठी बालनाट्यं लिहायची आणि त्यांच्या आईबापांसाठी गूढकथा, म्हणजे घरात रात्री कोणीच निवांत झोपायला नको. त्यांच्या 'अलबत्या गलबत्या'मध्ये चेटकिणीचं काम दिलीप प्रभावळकरांनी केलं होतं. तेच प्रभावळकर पुढं दूरदर्शनवर चिमणराव म्हणून आले तेव्हा आमच्या वाडीतली एक मुलगी टीव्हीपासून जरा लांबच बसत असे.

आम्ही गेलो त्या नाटकातल्या चेटकिणीची मला काही भीती वाटली नाही. नाक खोटं होतं आणि साडी आमच्या काकूंकडे होती तशीच होती. माझी गाळण उडाली ती ती बाई पुढं येऊन प्रेक्षकांनाच विचारायला लागली तेव्हा: "कुठं लपलीत रे ती पोरं? सांगा बघू!" सगळं थिएटर बोटं दाखवून किंचाळत होतं. मी खुर्चीखाली होतो. पोरं कुठं लपली असतील याची मला सगळ्यांपेक्षा जास्त कल्पना होती, पण आम्ही एकमेकांचं नाव सांगत नाही.

मग व्यायामाची पाळी. एका रविवारी वडील मला दादरला शिवाजी पार्कवर समर्थ व्यायाम मंदिराचा मल्लखांब दाखवायला घेऊन गेले. दुसऱ्या बाजीरावाच्या पदरी असलेल्या बाळंभटदादा देवधरांनी ही विद्या नावारूपाला आणली, असं वडिलांनी चर्नी रोड ते दादर एवढ्या प्रवासात समजावून सांगितलं. मला मल्लखांब आवडला. एरंडेल चोपडलेल्या त्या खांबावर माझ्या एवढी पोरं सरसर चढत होती आणि वर जाऊन डोकं खाली पाय वर लटकत होती. उलट्या लटकलेल्या माणसाला कोणाच्या नजरेला नजर द्यावी लागत नाही; ही सोय मला फार पसंत पडली. पण तिथं पोचायचं तर आधी उघड्या अंगानं, एवढंसं वस्त्र नेसून, शेकडो लोकांसमोर उभं राहायला हवं. वडिलांनी विचारलं, "घालू का नाव?" मी वडिलांच्या सदऱ्यात तोंड घातलं. त्यांनी ते उत्तर म्हणून स्वीकारलं.

त्याच शिवाजी पार्कवर १९८४ च्या उन्हाळ्यात घडलेली एक गोष्ट आता सगळ्या जगाला ठाऊक आहे, पण तिचं श्रेय भलत्याच ठिकाणी जातं. अकरा वर्षांचा मुलगा. वांद्र्याच्या साहित्य सहवासात राहणारा, दंगेखोर, सुट्टीत झाडावरून पडलेला. म्हणजे लाजऱ्या मुलांच्या पंगतीत कोणी त्याला बसवलं नसतं. थोरला भाऊ अजित त्याला रमाकांत आचरेकरांच्या शिबिरात घेऊन आला. सर बघायला उभे राहिले, आणि पोराची बॅट चालेना. सरांचं म्हणणं पडलं की अजून लहान आहे, नंतर आणा. तेव्हा अजितनं विनंती केली की आणखी एक संधी द्या, पण सर, तुम्ही निघून गेलात असं दाखवा आणि लांबून बघा. सर 'गेले'. सचिन तेंडुलकर खेळायला लागला. पुढचं सांगत बसत नाही. लोक याचं श्रेय सचिनच्या मनगटाला देतात, नाहीतर आचरेकर सरांच्या पारखी नजरेला. मी ते सरांच्या पाठीला देतो. इतकी गुणी पाठ आमच्या अख्ख्या वाडीत नव्हती. जो तो तोंड करून उभा.

(हल्ली अशा कितीतरी चाळींच्या जागी टॉवर झालेत. चाळीस मजले, गॅलरी नाही, आणि दाराला एवढंसं भिंग: आतल्याला बाहेरचा दिसतो, बाहेरच्याला आतला नाही. लाजऱ्या मुलाला याहून आदर्श घर सापडायचं नाही. आणि त्याच घरातले आईबाप मे महिन्यात भरभक्कम फी मोजून त्याला व्यक्तिमत्त्व विकास शिबिरात धाडतात. कशासाठी, तर चार लोकांत मिसळायला शिकावं म्हणून. आम्हाला चार लोक फुकट होते, आणि ते जातच नव्हते.)

तर अशा एका मे महिन्यात आमच्या समोरच्या खोलीत नागपूर आलं. काकूंची भाची. नागपूरचा पारा पंचेचाळिसाच्या घरात गेला की तिकडची माणसं मुंबईला थंड हवा खायला येतात, हे मला तेव्हा कळलं. आम्ही सगळे घामानं निथळत उभे, आणि ही टॅक्सीतून उतरून चौकात आली, वर मान करून म्हणाली, "किती गार आहे बे इथं!" तिन्ही मजले गार झाले. मुलीनं 'बे' म्हणावं हे एक, आणि मे महिन्यातल्या गिरगावाला गार म्हणावं हे त्याहून वाईट. तिला नावानं हाक अशी कोणी मारलीच नाही. "नागपूरला बोलवा गं जेवायला," "नागपूरनं आंघोळ केली का?" असंच चालायचं.

माझ्याच वयाची होती. दोन वेण्या, एका गुडघ्यावर खपली, आणि कोणाच्या बापाला न भिणारी. दुसऱ्या दिवशी ती डबा ऐसपैसमध्ये शिरली. आमच्या खेळात मी कायमचा लिंबूटिंबू होतो. लिंबूटिंबू खेळात असतो आणि नसतो. तो आउट झाला तरी आउट नाही, त्याच्यावर राज्य येत नाही, त्याला कोणी शिव्या देत नाही. मतदार यादीत नाव नसलेला पण रेशनकार्ड असलेला नागरिक. माझं त्यात उत्तम चाललं होतं. नागपूरनं मला आउट केलं आणि माझ्याकडे बोट दाखवून म्हणाली, "राज्य तुझं." सगळे म्हणाले, "तो लिंबूटिंबू आहे, त्याच्यावर राज्य नसतं." ती म्हणाली, "असं नसते. आउट म्हंजे आउट."

त्या दिवशी माझ्यावर पहिल्यांदा राज्य आलं. डबा लांब भिरकावला गेला, तो आणून मी वर्तुळात ठेवला आणि मान वर केली तर चौकात चिटपाखरू नाही. सगळे लपलेले. कोणी जिन्याखाली, कोणी पाण्याच्या टाकीमागं, कोणी बंब आणि बादल्यांच्या आड. वाडीच्या इतिहासात प्रथमच मला कोणी बघत नव्हतं. उलट माझ्या नजरेला पडू नये म्हणून सगळी वाडी धडपडत होती. इतकं सुख मला श्रीखंडानंही दिलं नव्हतं. मी कोणालाही शोधलं नाही. डब्यावर पाय ठेवून नुसता उभा राहिलो. अखेर टाकीमागून आवाज आला, "शोधून राहिला का झोपला बे?"

दुपारी कॅरम. जेवणं उरकून मोठी माणसं आडवी झाली की जिन्याच्या वळणावर बोर्ड मांडला जायचा. तिथं भर दुपारी अंधार, म्हणून बोर्डाच्या बरोबर वर तारेनं बांधलेला बल्ब, इतका खाली की उठताना डोक्याला चटका बसे. सगळा उजेड बोर्डावर. खेळणाऱ्यांचे फक्त हात दिसायचे, मनगटापर्यंत, चेहरे अंधारात. जगातल्या समस्त खेळांत लाजऱ्या मुलांचा विचार एवढ्या खोलात जाऊन कोणी केलेला नाही. मी बरा खेळत असे. बोरिक पावडर चिमटीत घेऊन ती बोर्डावर भुरभुरवायचं कामही माझ्याकडे, कारण बाकीचे पोतंभर ओतायचे.

नागपूर माझी भिडू झाली. ती खेळताना जिभेचं टोक दातांत धरते, हे मला बल्ब हलला की दिसायचं. ती कोणाकडेच बघायची नाही. तिचं लक्ष स्ट्रायकर, सोंगटी आणि भोक यांच्यापलीकडे जात नसे. माझा नेम धरून व्हायचा नाही तेव्हा बोर्डावरची नजर न काढता ती म्हणायची, "मार ना बे. काय पाहून राहिला?" मी काय पाहून राहिलो होतो ते सांगण्यासारखं नव्हतं. पण मी मारायचो, आणि सोंगटी जायची. एकदा राणी घेऊन मी कव्हरही लगेच घातलं, तेव्हा तिनं न बघताच माझ्या पाठीत एक धपाटा घातला. पावडरनं भरलेला हात होता. पाठीवर पाच पांढरी बोटं घेऊन मी संध्याकाळपर्यंत हिंडलो. आईनं झटकायला हात उचलला तर मी दोन पावलं मागं सरलो. वरच्या मजल्यावरच्या कोपरांनी त्याची तिथल्या तिथं नोंद घेतली.

त्या रविवारी वाडी चौपाटीला निघाली. वाडी एकेकटी कुठं जात नाही. पंचवीसएक माणसं, चार पिशव्या, दोन सतरंज्या आणि एक आजारी आजी असा तो लवाजमा होता. भरतीची वेळ होती. नागपूरनं समुद्र कधी बघितलेला नव्हता. वाळूत उतरेपर्यंत तिची टकळी चालू होती. पाणी दिसलं आणि ती मधल्या मधे थांबली. चपला हातात घेऊन उभी. पोरं सगळी पाण्यात. मीही घोटाभर पाण्यात होतो, कारण समुद्राची मला भीती नव्हती. तो काही विचारत नाही, आपलंच बोलत राहतो. मागं बघितलं तर नागपूरचा चेहरा उतरलेला. ती हळूच म्हणाली, "हे परत येते का बे?"

"येतं," मी म्हणालो. "आणि जातंसुद्धा. नेहमीच तसं करतं."

माझं तोवरचं सर्वांत मोठं भाषण. ते संपतं न संपतं तोच लाट आली, आणि नागपूरनं माझ्या सदऱ्याची बाही मुठीत धरली. सदरा मागच्या गणपतीत शिवलेला, वाढत्या अंगाचा, त्यामुळं बाहीत जागा भरपूर होती. लाट आली की मूठ आवळायची, लाट गेली की सैल पडायची, पण सुटायची नाही. तिचे डोळे पाण्यावर, माझे बाहीवर. कोणाच्याही बापाला न भिणारी मुलगी भीत होती, आणि तिला धीर द्यायला वाडीनं मौनीबाबाला नेमलं होतं, असं मला वाटलं. वाडीनं नेमलं वगैरे नव्हतं. वाडी मागं सतरंजीवर बसून भेळ खात होती, आणि मी वळून बघितलं तेव्हा पंचविसांच्या पंचवीस भेळा हवेत थांबल्या होत्या.

आम्ही घरी पोचलो तेव्हा बातमी आमच्या आधी पोचली होती. कशी ते विचारू नका. वाडीत राहिलेल्या माणसांपैकी एकाच्याही घरी फोन नव्हता. तळमजल्यावरच्या आजींनी दुसऱ्या दिवशी मला थांबवून विचारलं, "काय रे, काल भरती होती वाटतं?" मी नेहमीप्रमाणं गप्प. शेजारच्या आजी आतून म्हणाल्या, "होती तर! बाही बघा की कशी लोंबतेय." वेखंड आणि शंख यांच्यात त्या दिवसापासून पुन्हा बोलणं सुरू झालं. वाडीत दोन शत्रू एकत्र येण्यासाठी कोणातरी तिसऱ्याची बाही लोंबावी लागते.

जून उजाडायच्या आत नागपूर परत गेलं. टॅक्सी वाडीच्या तोंडाशी उभी, सामान चढतंय, आणि तिन्ही मजल्यांच्या कठड्यांवर मुंगी शिरायला जागा नाही. लोक तिला निरोप द्यायला आले होते असं म्हणतात. माझ्या खिशात एक स्ट्रायकर होता, तो तिला द्यायचा असं मी रात्रीच ठरवलं होतं. स्ट्रायकर वाडीच्या मालकीचा होता ही गोष्ट वेगळी. पण एवढ्या डोळ्यांदेखत खिशात हात घालायचा कसा? मी दिव्याच्या खांबाशी खिसा मुठीत धरून उभा. ती बॅगा मोजत होती. मोजता मोजता, मान वर न करता म्हणाली, "चल बे." मी म्हणालो, "चल बे." टॅक्सीवाल्यानं त्याच वेळी हॉर्न दिला, म्हणून आमचं हे संभाषण गॅलरीला ऐकू गेलं नाही. वाडीतल्या माझ्या आयुष्यातली तेवढी एकच खाजगी गोष्ट.

नंतर आईनं मला लालबागला नेलं. पावसाळ्याआधी वर्षाचा मसाला करून ठेवायचा म्हणजे लालबागला जायचं. अर्धी मुंबई तेव्हा तिथं लोटलेली असते. मावशी तिथंच राहायची. काका गिरणीत. लहानपणी तिच्याकडे राहायला गेलो की पहाटेच्या भोंग्यानं मी दचकून उठायचो आणि रडायचो. १८ जानेवारी १९८२ ला संप लागला, भोंगा थांबला, आणि घाबरायची पाळी मोठ्या माणसांवर आली. तरी काका पिशव्या उचलायला बरोबर आले. बेडगी रंगाला, संकेश्वरी तिखटाला, धणे, खसखस, दगडफूल, असं सगळं घेऊन आम्ही डंकावर नंबर लावला. लोखंडी मुसळं धाडधाड पडत होती, हवेत लाल धूळ उडत होती आणि रांगेतल्या बायका नाकाला पदर लावून शिंकत शिंकत एकमेकींना मापं विचारत होत्या. माझ्या डोळ्यांतून धारा लागल्या. खरोखर मिरचीच्या. मी शपथेवर सांगायला तयार आहे. पण मावशीनं आईकडे बघितलं, आईनं मावशीकडे बघितलं, आणि मावशी हळू आवाजात, म्हणजे रांगेतल्या शेवटच्या बाईला ऐकू जाईल अशा, म्हणाली, "गेली का गं ती नागपूरची?"

लालबागपर्यंत पोचलं होतं! रांगेतल्या एका अनोळखी बाईंनी माझ्या डोक्यावरून हात फिरवला. दुसरीनं पिशवीतून लिमलेटची गोळी काढून दिली. डंकवाल्यानं आमचा नंबर पुढं घेतला. दोन किलो मसाला आम्हाला रांग न लावता मिळाला हे एकच सांगतो. आई नंतर कितीतरी वर्षं डंकावर जाताना मला आवर्जून बरोबर न्यायची.

जूनच्या मध्यावर शाळा उघडली. वर्ग नवा, मास्तर नवे. त्यांनी एकेकाला उभं करून नाव विचारायला सुरुवात केली. माझी पाळी आली. मी उभा राहिलो, पन्नास माना वळल्या, आणि जीभ टाळ्याला. मास्तरांनी थोडा वेळ वाट बघितली. मग कंटाळून ते फळ्याकडे वळले, तारीख लिहायला लागले, आणि लिहिता लिहिता पाठमोरेच म्हणाले, "अरे, नाव सांगतोयस ना?"

पाठ पाहिली आणि माझा कंठ फुटला. खणखणीत आवाजात मी म्हणालो, "सांगून राहिलो ना बे!"

आईला शाळेत बोलावणं आलं. मी दाराबाहेर अंगठे धरून उभा होतो, त्यामुळं मला सगळं ऐकू येत होतं. उलटं दिसत होतं, एवढंच.

"तुमचा मुलगा उलट उत्तरं देतो," मास्तर म्हणाले.

"कोणाला?"

"मला. भर वर्गात."

"सगळ्यांसमोर?"

"सगळ्यांसमोर! आणि मोठ्यानं! शेजारच्या वर्गातले मास्तर बघायला आले."

आत बराच वेळ कोणी काही बोललं नाही. मग आईचा आवाज आला, "सर, नक्की आमचाच ना? त्याच नावाचा दुसरा कोणी असेल, जरा हजेरीपट बघता का?"